समासातली मुलं

रविवार, ११ जानेवारी

अन्याय सकाळी नऊ वाजून बेचाळीस मिनिटांनी झाला. वेळ नक्की सांगते, कारण चौतीस वर्षं पाणीखात्यात आवक-जावक सांभाळली आहे आणि वेळ न टाकलेली तक्रार म्हणजे नुसतं रडगाणं, हे मला पक्कं ठाऊक आहे.

मिस्सा, म्हणजे रविवारची उपासना, संपवून बाहेर आले तर चर्चच्या फलकाभोवती घोळका. आमच्या महाधर्मप्रांताला यंदा पंच्याहत्तर वर्षं होतात, म्हणून त्याचा इतिहास छापायचा आहे. त्यातलं आमच्या धर्मग्रामाचं, म्हणजे आमच्या चर्चच्या वस्तीचं, पान 'सूचना व दुरुस्त्यांसाठी' लावलं होतं. एकच पान, त्यातलं अर्धं फोटोंनी खाल्लेलं. तिसऱ्या ओळीत होतं: 'पहिली अकरा वर्षे येथे निवासी धर्मगुरू नसल्याने कार्य पूर्णपणे थंडावलेले होते.'

थंडावलेले. त्या अकरापैकी आठव्या वर्षी मी जन्माला आले, तीही दिवस भरायच्या दोन महिने आधी. सुईणीने हात टेकले. शेजारच्या कॉन्व्हेंटमधून एक सिस्टर धावत आली, बशीतल्या पाण्याने तिने माझा बाप्तिस्मा केला, आणि मग मला कापसात गुंडाळून तीन आठवडे कॉन्व्हेंटच्या चुलीपाशी ठेवलं. आई रोज तिथे येऊन पाजून जायची. हे थंडावलेलं कार्य असेल तर गरम कशाला म्हणतात ते मला दाखवावं.

तीच सिस्टर पुढे आमच्या शाळेत. सगळ्या तिला पट्टी सिस्टर म्हणायचो, अर्थात मागे. वहीच्या समासात एक अक्षर गेलं की बोटांवर पट्टी. 'समास तुझा नाही,' म्हणायची. कोणाचा, ते कधी सांगितलं नाही.

घरी येऊन भाचीला सांगितलं. माझ्या धाकट्या बहिणीची मुलगी, नोकरीसाठी माझ्याकडे राहते, आणि माझ्या रागाकडे टीव्हीवरच्या मालिकेसारखं बघते. म्हणाली, "मावशी, ती पुस्तकं कोण वाचतंय?" मी म्हटलं, मी वाचतेय.

आभार: (रोज एक तरी लिहायचा, जिवावर आलं तरी. हीही त्या सिस्टरनेच लावलेली सवय.) फलकाच्या काचेचे. ती नसती तर ते पान मी फाडून आणलं असतं.

सोमवार, १२ जानेवारी

संपादक मंडळाला पत्र. दोन प्रती. कचेरीतल्या माणसाकडे पोच द्यायचा शिक्काच नाही. पंच्याहत्तर वर्षं झाली आणि शिक्का नाही. प्रतीवर सही घेतली, खाली वेळ घालून घेतली. तो म्हणाला, "बाई, वेळ कशाला?" मी म्हटलं, घाला, सवय होईल.

आभार: त्याच्या पेनाचे. माझं आयत्या वेळी आटलं.

गुरुवार, १५ जानेवारी

लेखी पत्राला उत्तर फोनवर. मुख्य संपादक हे इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक. आवाज मऊ, मुद्दा कडक. म्हणाले, तुमच्या भावना समजतात, पण आठवण हा पुरावा होत नाही. त्या अकरा वर्षांत काय झालं त्याचा कागद आणा. पुस्तक २३ मार्चला छापायला जाईल.

बोलणं मला आवडलं नाही, पण चूक काढता आली नाही. यामुळे जास्त राग आला.

संध्याकाळी दुसरा फोन. महाधर्मप्रांताचं दफ्तर सांभाळणारे फादर. तरुण वाटले. सगळ्या जुन्या नोंदवह्यांचे फोटो काढून ठेवायचे आहेत, त्याआधी पानं साफ करायला शिस्तीचं माणूस हवंय, आणि तुमचं नाव सुचवण्यात आलं होतं. कोणी सुचवलं विचारलं तर घसा खाकरला. चौतीस वर्षं सरकारी पत्रं वाचली आहेत. सुचवणारा मोठा असतो तेव्हाच त्याचं नाव गाळतात.

मी अट घातली. सकाळी तुमच्या वह्या, दुपारी मला माझे कागद शोधू द्यायचे. ते एवढ्या चटकन हो म्हणाले की मला आणखी एखादी अट घालायला हवी होती.

मंगळवार, २० जानेवारी

दफ्तराची खोली दुसऱ्या मजल्यावर, लांबट. दोन्ही बाजूंना लोखंडी कपाटं, मधे एक लांब टेबल, टोकाला खिडकी. या फादरांचं नाव मी फाइल फादर ठेवलं आहे, कारण ते फायलींच्या मागे असतात आणि आधी आवाज येतो.

त्यांनी मला महाधर्मप्रांताची रचना कागदावर काढून दाखवली. मला ती अर्ध्या मिनिटात कळली, कारण ते आमचं पाणीखातंच आहे, फक्त भिंतींवर क्रूस जास्त आणि पंखे कमी. सर्वांत वर आर्चबिशप. त्यांच्याखाली रोजचा कारभार हाकणारे विकार जनरल. मग चॅन्सेलर, ज्यांच्या हाताखालून प्रत्येक कागद जातो. मग सात विभाग, प्रत्येक विभागात आठ-नऊ धर्मग्राम, आणि धर्मग्रामाच्या तळाशी आम्ही, म्हणजे फॉर्म भरणारी माणसं. शेजारचे तीन धर्मप्रांत आपल्याला मोठ्या भावासारखा मान देतात, असं फादर म्हणाले. मी विचारलं, हुकूम चालतो का त्यांच्यावर? नाही म्हणाले. म्हणजे अगदी मोठ्या भावासारखंच.

बाप्तिस्म्याची वही मात्र मी खुर्ची ओढून नीट पाहिली. एका माणसाला एक ओळ: नाव, आईबाप, तारीख, फादरांची सही. उजवीकडे समास. माणूस पुढे जगात कुठेही गेला, तिथे त्याचं लग्न झालं किंवा त्याने दीक्षा घेतली, की तिथून पत्र निघतं आणि ती बातमी या पहिल्या ओळीशेजारच्या समासात येऊन बसते. इतकी चोख आवक मी आयुष्यात पाहिली नाही. तसं म्हणून दाखवलं. फादर लाजले, जणू पद्धत त्यांनीच काढली.

कामाचं परिपत्रक त्यांच्याच सहीचं आहे, सगळ्या धर्मग्रामांना गेलेलं: 'शाईच्या नोंदींना हात लावू नये. पेन्सिलीच्या अनधिकृत खुणा पुसून घ्याव्यात.' मऊ रबर, ब्रश, सुती हातमोजे. शाईला धक्का लागू नये म्हणून मी पुठ्ठ्याची पट्टी कापून घेतली. ती ओळीवर ठेवायची, फक्त समास उघडा राहतो, नाव दिसत नाही, काम झपाट्याने होतं. फादर म्हणाले, सावकाश करा. सावकाश हे मला कोणी शिकवलेलं नाही.

आभार: माझ्या पुठ्ठ्याचे.

गुरुवार, २९ जानेवारी

सापडलं. अकरा वर्षं आमच्याकडे फादर का नव्हते ते सापडलं, आणि जेवताना भाचीला सांगितलं तर तिला ठसका लागला.

पंच्याहत्तर वर्षांपूर्वी जुना अवाढव्य धर्मप्रांत दोन ठिकाणी तोडला. एका भागाचा आमचा महाधर्मप्रांत झाला, दुसऱ्याचा शेजारचा धर्मप्रांत. हद्द ठरली नदी. नकाशा करणारा बिचारा शहरात बसलेला. आमच्या वस्तीपाशी नदीच्या दोन धारा होतात आणि मधल्या बेटासारख्या जमिनीवर आम्ही राहतो, हे त्याला कसं कळणार? इकडच्यांनी अलीकडची धार धरली, तिकडच्यांनी पलीकडची. झालं. दोघांच्या मते आम्ही दुसऱ्याचे. त्यामुळे कोणीच फादर पाठवला नाही. पलीकडचे एक म्हातारे फादर कोणी न सांगता तीन महिन्यांतून एकदा सायकलवरून यायचे, लग्नं आणि बाप्तिस्मे उरकून जायचे. बाकी सगळं तीन सिस्टरांवर. अकराव्या वर्षी नवे आर्चबिशप दौऱ्यावर वाट चुकून आमच्याकडे पोचले, जेवले आणि विचारलं, "तुमचे फादर कुठे आहेत?"

हे सगळं त्यांच्या दौऱ्याच्या टिपणात आहे. जेवण चांगलं होतं असंही आहे.

आभार: वाट चुकणाऱ्यांचे.

सोमवार, ९ फेब्रुवारी

गेल्या शुक्रवारी अडतीस पत्रं मिळाली. सगळी पट्टी सिस्टरच्या हातची. तेव्हा ती बाविशीत, तिघींत सर्वांत लहान, म्हणून लिहायचं काम तिच्याकडे. 'आम्हांला फादर पाठवावेत.' कधी इकडच्या कचेरीला, कधी तिकडच्या. उत्तरंही आहेत. दोन्हीकडून एकच: 'आपले पत्र संबंधित कार्यालयाकडे पाठवले आहे.' म्हणजे एकमेकांकडे. अकरा वर्षं ती पत्रं नदी ओलांडत राहिली.

आज प्राध्यापकांना प्रती दिल्या. त्यांनी नीट वाचल्या. मग म्हणाले, "बाई, यावरून फादर नव्हते एवढंच सिद्ध होतं. ते मी लिहिलंच आहे." आणि काम? काम झालं याचा कागद कुठे आहे?

घरी हे सगळं वाचून दाखवलं तर भाचीसुद्धा म्हणाली, "मुद्दा आहे गं त्यांचा." आज तिला चहा मी करून दिला नाही.

मंगळवार, १७ फेब्रुवारी

आज माझ्या हातून जे झालं ते उद्या लिहीन. आभार नाहीत.

बुधवार, १८ फेब्रुवारी

काल आमच्याच धर्मग्रामाची पहिली वही टेबलावर आली. एकशे त्रेचाळीस नोंदी. समास पेन्सिलीने बुजबुजलेले, बारीक, फिकट. मी मनात म्हटलं, काय घाण केलीय कोणीतरी. पुठ्ठा ठेवला आणि पुसायला लागले. पहिलं पान झालं. दुसऱ्यावर, वहीतल्या विसाव्या नोंदीला पुठ्ठा सरकला आणि रबराच्या टोकाशी शब्द दिसले: 'टायफॉइडमधून उठला. जेवायला मागतो.'

ते अक्षर मी ओळखते. मी त्या अक्षराखाली बारा वर्षं काढली आहेत.

वर पाहिलं. एकोणीस समास स्वच्छ. महिनाभरात मी सर्वांत सुबक काम तिथे केलं होतं. रबराचा चुरा मी ब्रशने टोपलीत लोटला होता. तो टोपलीतून काढला, पाकिटात भरला, पाकिटावर तारीख टाकली. कशासाठी, ते मला विचारू नये.

मग उरलेल्या एकशे चोवीस ओळी वाचल्या. उभ्यानेच.

'शाळेत येत नाही.' खाली: 'चष्मा हवा आहे.' खाली: 'चष्मा मिळाला. येतो.'

'आई गेली. दुपारी माझ्या खोलीत झोपते.'

'गणितात कच्चा, पण खोटं बोलत नाही.'

'बोटीवर कामाला गेला. पत्र नाही.' मग दुसऱ्या पेन्सिलीने: 'पत्र नाही.' मग: 'आलं.'

एकीच्या लग्नाची रीतसर शाईतली नोंद, आणि त्या नोंदीखाली पेन्सिलीने: 'नवरा बरा वाटतो.'

जिने समासात एक अक्षर गेलं म्हणून माझी बोटं सुजवली, तिने एकशे त्रेचाळीस मुलांचे समास भरून ठेवले होते. नियमाने तिथे चार-पाच गोष्टींखेरीज काही लिहिता येत नाही आणि त्याही फादरांनी लिहायच्या. मला आधी संताप आला. मग माझी ओळ शोधली.

सत्याण्णवावी. सहीच्या जागी: 'संकटकाळी, माझ्या हातून.' समासात: 'तासभर जगली तर पुष्कळ.' खाली: 'जगली.' मग: 'फार रडते. चांगलं आहे.' 'अक्षर समासात जातं.' 'उलट बोलते.' 'अजून उलट बोलते.' 'परीक्षेचा अर्ज भरला, तिला न सांगता.'

पाणीखात्याच्या परीक्षेचा तो अर्ज बाबांनी भरला असं मी आजवर धरून चालले होते. त्यांच्या शेवटच्या दिवसांत मी त्याबद्दल त्यांचे आभार मानले आणि त्यांनीही डोळे मिटून ते घेतले.

पुढे: 'लागली.' 'आईचं आजारपण एकटी काढते. विचारलं तर चिडते.' 'बढती.' शेवटची नोंद नऊ वर्षांपूर्वीची, अक्षर थरथरलेलं: 'निवृत्त झाली. रिकामी बसली तर सगळ्यांना सळो की पळो करील. कुणाला तरी सांगायला हवं.'

खरं लिहिते. आधी वाटलं होतं की हे फक्त माझ्याच ओळीला असेल. सगळ्यांचं आहे याचं थोडं वाईट वाटलं. सदुसष्टाव्या वर्षी असं वाटणं शोभत नाही. इतरांच्या नोंदी मात्र विसाव्या-पंचविसाव्या वर्षी थांबतात आणि माझी अठ्ठावन्नपर्यंत जाते, शेवटी तर अक्षरं आडवी करून कडेने बसवली आहेत. माझी ओळ पानाच्या तळाशी आहे, खाली कोरी जागा होती, त्यामुळे असणार. दुसरं कारण दिसत नाही.

प्राध्यापकांना कागद हवा होता. हा कागद आहे. त्यातली एकोणीस मुलं मी पुसली.

गुरुवार, १९ फेब्रुवारी

फाइल फादरांना सांगितलं. उभी राहून सांगितलं, शाळेत सांगायचो तसं. ते रागावले असते तर बरं झालं असतं. वही वाचत राहिले. मग म्हणाले, "परिपत्रक माझं आहे, बाई. तुम्ही पाळलंत."

मी म्हटलं, याआधी सात वह्या साफ केल्या, त्यांत काय होतं मला ठाऊक नाही. ते म्हणाले, त्यांनाही ठाऊक नाही. आणि आत्ता या घटकेला बाकीच्या धर्मग्रामांत माझ्यासारख्याच शिस्तीच्या बायका रबर घेऊन बसल्या आहेत. फादरांनी लगेच परिपत्रक थांबवायचा कागद केला, पण ते सगळीकडे गेलं होतं चॅन्सेलरांच्या मंजुरीने, तेव्हा मागे घ्यायलाही त्यांचीच सही लागते. ते दौऱ्यावर आहेत.

निघताना म्हणाले, सिस्टरांना भेटून या. वृद्ध सिस्टरांच्या घरी दुपारी तीन ते पाच भेटायची वेळ, बस कुठे बदलायची, खोली कितवी, सगळं सांगितलं. शेवटी म्हणाले, "खिडकीकडच्या बाजूने बोला, डाव्या कानाने कमी ऐकू येतं." यांना हे कसं ठाऊक कोण जाणे. दफ्तरात सगळ्याच नोंदी ठेवतात बहुतेक.

आभार: न रागावण्याचे. ते मला नीट घेता आले नाहीत.

रविवार, २२ फेब्रुवारी

चार वर्षांनी गेले. मागच्या खेपेला तिने मला नावाने ओळखलं नाही म्हणून मी मनाला लावून घेतलं होतं. तेव्हा ती त्र्याण्णव वर्षांची होती हे मी हिशेबात धरलं नव्हतं.

खोलीत लोखंडी पलंग, एक खुर्ची, खिडकीत पाण्याचा तांब्या. ती शाल घेऊन खुर्चीत. केवढीशी झाली आहे. मला पाहून म्हणाली, "उशीर झाला." कशाला ते विचारलं नाही.

मी वहीचं सांगितलं, आणि परिपत्रकाचं. तिचा चेहरा पाहिला तर ती घाबरली होती. मी तिला आयुष्यात घाबरलेली पाहिली नव्हती.

"पुसून टाक," म्हणाली. "सगळं. फादरांच्या हाती पडायच्या आत. समास माझा नव्हता."

मी म्हटलं, "मग कोणाचा, सिस्टर? साठ वर्षं विचारायचं राहिलंय."

ती म्हणाली, "ज्याच्या नावापुढे आहे त्याचा."

"मग माझा मी पुसत नाही," मी म्हटलं. तिची आज्ञा मी पहिल्यांदाच मोडली. एरवी उलट बोलायचे, पण करायचे तेच. "आणि बाकीचे पुसायचा मला अधिकार नव्हता. एकोणीस मी पुसून बसलेय."

ती बराच वेळ शालीचे गोंडे मोजत बसली. मला वाटलं विसरली. सकाळी जेवण झालं की नाही हे तिला सांगता येत नाही, असं तिथल्या नर्स सिस्टर म्हणाल्या होत्या. मग तिने विचारलं, "कोणते?"

मी यादी काढली. पहिलं नाव वाचलं. तिने डोळे मिटले.

"तोतरा. गाताना तोतरा नाही. गायनात घेतला."

मी पिशवीतून पेन्सिल आणि वही काढली.

"दुसरी. पायात काटा गेला, सांगितलं नाही, ताप आला. हिला रोज विचारायचं."

तिसरा, चौथी. पाचव्याला ती थकली. माझ्या वहीत डोकावून म्हणाली, अक्षर अजून वाकडंच. मग माझ्याकडे नीट पाहून विचारलं, "तू कोण?"

नाव सांगून उपयोग नव्हता. मी म्हटलं, "सत्याण्णव."

"ती फार उलट बोलायची."

"अजून बोलते, सिस्टर."

ती हसली. पुढचे दात नाहीत. बस सुटली, पुढच्या बसला पाऊण तास. मला चाललं.

शुक्रवार, २७ फेब्रुवारी

मध्ये दोनदा जाऊन आले, चार मुलं मिळाली. आज काहीच नाही. नववं नाव तीनदा वाचलं. ती खिडकीकडे पाहत राहिली. नर्स सिस्टर हळूच म्हणाल्या, असे दिवस आता वाढतील. पंधरा दिवसांपूर्वी त्या ओळी जशाच्या तशा होत्या. फक्त वाचायच्या होत्या.

फाइल फादरांनी खिडकीशी पान तिरकं धरून दबलेल्या रेघा पाहिल्या. दोन शब्द लागले: 'बहिणीला' आणि 'नको'. माझं रबर फार चांगलं होतं.

भाची कामावरून लवकर आली. काही न विचारता मला जेवायला वाढलं. आभार तिचे.

बुधवार, ४ मार्च

नववा सोमवारी आला, आपणहून. मी दारातून आत शिरतेय तोच सिस्टर म्हणाली, "तो धाकट्या बहिणीला पाठीवर घेऊन यायचा. तिला घरी ठेवू नको म्हटलं, तिचंही नाव घातलं शाळेत." काल आणखी दोन.

आज प्राध्यापक दफ्तरात आले. दोन तास वही वाचली. चष्मा तीनदा पुसला. शेवटी विचारलं, "ते 'थंडावलेले' कोणी लिहिलं?" मी म्हटलं, आपण. ते म्हणाले, "हो." इतक्या सरळपणे चूक पत्करणारा माणूस मी खात्यात चौतीस वर्षांत पाहिला नाही. त्यांच्यावरचा माझा राग गेला. तो गेल्यावर जरा रिकामं वाटलं.

पण मजकूर एक मार्चला आर्चबिशपांच्या मंजुरीने बंद झालाय. आता एक शब्द हलवायचा तर खुद्द आर्चबिशपांची लेखी परवानगी लागते. चॅन्सेलर परत आले आहेत, परिपत्रकाचा कागद त्यांच्या टेबलावर आहे, आणि टेबलावरचा कागद म्हणजे काय ते मी जाणते. प्राध्यापक म्हणाले, मी विनंती करतो. मी म्हटलं, विनंती तुम्ही करा. पत्र मी लिहिते.

शनिवार, ७ मार्च

पत्राची प्रत इथे उतरून ठेवते. मूळ भाचीने टाइप केलं. दोन ठिकाणी म्हणाली, मावशी, हे जरा मऊ कर. एका ठिकाणी केलं. उद्या रविवार, म्हणून परवा हाती नेऊन देणार. शिक्का नसला तर माझा नेईन, करून घेतला आहे.

माननीय महागुरुस्वामी (आर्चबिशप) यांस,

स. न. वि. वि.

आपल्या महाधर्मप्रांताने मला कापसात ठेवून जगवले, शिकवले, आणि मला न सांगता पोटापाण्याला लावले. त्याबद्दल मी आजवर आभार मानले नाहीत, कारण मला माहीत नव्हते. ते आज मानते. पुढची तक्रार त्याच नात्याने आहे. घरच्या माणसाशीच भांडता येते.

जुन्या नोंदवह्यांतील पेन्सिलीच्या खुणा पुसण्याचे परिपत्रक आजच्या आज मागे घ्यावे. चॅन्सेलरसाहेबांना सही करायला वेळ नसल्यास मी पेन घेऊन त्यांच्या दाराशी बसायला तयार आहे. ते परिपत्रक मी सर्वांत निष्ठेने पाळले, म्हणून त्याची किंमत सर्वांत आधी मला कळली. ज्या धर्मग्रामांत पुसून झाले असेल, तिथे लिहिणारे किंवा आठवणारे कोणी जिवंत आहे का, हे ताबडतोब विचारावे. नंतर विचारून उपयोग नाही.

इतिहासाच्या पुस्तकात आमच्या पानावर 'कार्य पूर्णपणे थंडावलेले होते' याऐवजी असे छापावे: 'या अकरा वर्षांत येथे एकशे त्रेचाळीस मुले होती आणि प्रत्येकाकडे कोणीतरी लक्ष ठेवून होते.' सिस्टरांनी आपले नाव घालू नका असे मला बजावले आहे. त्यांची ही आज्ञा मी मोडणार नाही. आपण मोडावी.

आमच्या पहिल्या वहीत सत्याण्णवाव्या ओळीच्या समासात बोटभर जागा उरली होती. तिथे मी काल पेन्सिलीने लिहिले आहे: 'अर्ज कोणी भरला ते कळले. आभारी आहे.' ही खूण अनधिकृत आहे. ती पुसू नये.

पुसलेल्या एकोणिसांपैकी बारा मुले परत आली आहेत. सात यायची आहेत. ती आता फक्त एका व्यक्तीच्या आठवणीत आहेत, आणि त्या सत्याण्णव वर्षांच्या आहेत. दुपारी तीन ते पाच मी रोज तिथे असते, मध्येच फोन वाजला तर त्या नाव विसरतात, म्हणून फोनवर उत्तर देऊ नये. उत्तर लेखी हवे, आपल्या सहीचे, तारीख आणि वेळ घातलेले, आणि ते शुक्रवार, २० मार्च रोजी संध्याकाळी पाच वाजण्याच्या आत माझ्या हाती पडावे.